पाडवा ते पाडवा

सालदाराचं साल नेमकं किती दिवसांचं असतं? प्रश्न दिसतो तितका सोपा नाही. वऱ्हाडात शेतावर वर्षभरासाठी ठेवलेल्या गड्याला सालदार म्हणतात. मराठवाड्यात तोच सालगडी. त्याचं साल पाडव्याला, काही ठिकाणी अक्षय तृतीयेला लागतं आणि पुढच्या वर्षी त्याच सणाला सुटतं. आता पंचांग काढून मोजा. चांद्रवर्ष सुमारे 354 दिवसांचं, म्हणजे कॅलेंडरच्या वर्षाहून अकरा दिवस तोकडं. पण अधिक महिना आला की तेच साल 384 दिवसांचं होतं. धोंड्याच्या महिन्यात जावयाला वाण मिळतं. सालदाराला काय मिळायचं, ते आधीच बोलून घेतलेलं बरं, कारण साल ठरतं ते दिवसांवर नाही. सौदा अख्ख्या सालाचा होतो.

वऱ्हाडातल्या तेल्हाऱ्याच्या आजूबाजूच्या खेड्यांत एके काळी हा सौदा पाटलाच्या ओसरीवर व्हायचा. मालक वर, गडी खाली पायरीशी.

“बोल बॉ, औंदा किती घेतं?”

“तुमी द्यान ते घीन, मालक.”

या उत्तराला भिडस्तपणा म्हणायचं की नम्रता? दोन्ही नाही. त्या माणसाकडे दुसरं उत्तर नव्हतं, कारण दुसरीकडे जायला वाट नव्हती. मजूर आणि जमीनमालक यांच्या नात्याचा सारा इतिहास या ‘दुसऱ्या वाटे’भोवती फिरतो. तो नीट उमजायला तेल्हाऱ्याहून थेट अमेरिकेच्या दक्षिणेत जावं लागतं. दोन्हीकडच्या वावरात पीक एकच होतं: कापूस.

कापसाचा धागा

1861 साली अमेरिकेत यादवी युद्ध पेटलं. तोवर इंग्लंडच्या गिरण्यांना लागणाऱ्या कापसातला सुमारे चार-पंचमांश कापूस अमेरिकेतून येत होता आणि तो पिकवत होते गुलाम. युद्धात दक्षिणेची बंदरं अडवली गेली, लँकेशायरच्या गिरण्या बंद पडू लागल्या आणि व्यापाऱ्यांची नजर हिंदुस्थानच्या काळ्या मातीकडे वळली. वऱ्हाड तेव्हा नुकतंच इंग्रजांच्या कारभारात आलं होतं. निजामाने 1853 च्या तहाने ते कंपनीच्या हवाली केलं होतं, फौजेच्या थकलेल्या खर्चापोटी. म्हणजे इंग्रजांच्या ताब्यात हा मुलूख आला तोही एका थकबाकीतूनच.

कापसाचे भाव असे चढले की बंडीच्या चाकांना चांदीच्या धावा बसवल्याच्या कहाण्या लोक सांगू लागले. 1865 मध्ये युद्ध संपलं, भाव कोसळले, मुंबईच्या पेढ्या बुडाल्या. पण वऱ्हाड कापसातून बाहेर पडलं नाही. 1867 मध्ये रेल्वे नागपूरला पोचली. 1870 मध्ये व्हाइसरॉय लॉर्ड मेयो खामगावच्या फाट्याचं उद्घाटन करायला जातीने आले. कापसाच्या एका बाजारासाठी व्हाइसरॉय येतो, यावरून त्या बाजाराचं वजन ध्यानात यावं. मध्य प्रांत आणि वऱ्हाडसाठी सरकारने कापसाचा वेगळा कमिशनरच नेमला होता, रिव्हेट-कारनॅक नावाचा. सातपुड्याच्या पायथ्यापासून पूर्णेच्या खोऱ्यापर्यंत पऱ्हाटी पसरत गेली, गवताची कुरणं नांगराखाली आली आणि बंड्यांची रीघ रुळांकडे लागली.

आसामात चहाचे मळे होते तसे गोऱ्या मालकांचे कापसाचे मळे मात्र वऱ्हाडात झाले नाहीत. इथे इंग्रजांनी मुंबई इलाख्यासारखी रयतवारी आणली. वावर मोजलं, सर्व्हे नंबर दिला, सारा ठरवला आणि कसणाऱ्याला खातेदार केलं. हा शेतकऱ्याच्या बाजूचा बदल होता, यात शंका नाही. पण खात्यावर चढलेली जमीन आता गहाणही टाकता येऊ लागली आणि विकताही. सारा रोखीत, तोही ठरल्या तारखेला भरायचा. कापूस घरात यायच्या आधीच पैसा लागायचा आणि तो सावकाराकडे मिळायचा. अशा रीतीने पुष्कळ वावरं सावकाराच्या नावावर गेली. जुना खातेदार गाव सोडून गेला नाही. आपल्याच वावरात तो आता दुसऱ्याच्या वतीने वखर धरू लागला. मळा नव्हता, चाबूक नव्हता. मँचेस्टरला कापूस मात्र वेळेवर पोचत होता.

बैल आणि खेचर

तिकडे अमेरिकेत 1865 च्या डिसेंबरात घटनादुरुस्तीने गुलामगिरी संपली. सुमारे चाळीस लाख माणसं मोकळी झाली. त्यांनी मजुरी मागितली नाही, जमीन मागितली. ‘चाळीस एकर आणि एक खेचर’ ही त्या काळची आशा होती. त्याच वर्षीच्या जानेवारीत जनरल शर्मनने किनाऱ्यालगतच्या जप्त जमिनी चाळीस-चाळीस एकरांनी वाटायचा हुकूम काढला होता. वर्ष सरायच्या आत राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांनी त्या जमिनी जुन्या मालकांना परत केल्या.

मग आला वर्षाचा करार. मिसिसिपी राज्याने 1865 च्या अखेरीस कायदा केला: मोकळ्या झालेल्या प्रत्येक काळ्या माणसाने दर जानेवारीत कुठे कामाला आहोत याचा लेखी पुरावा दाखवायचा. साल पुरं व्हायच्या आत काम सोडलं तर वर्षाची मजुरी बुडाली आणि अशा माणसाला कोणीही धरून मालकाकडे परत आणून द्यावं. हे कायदे लवकरच रद्द झाले, पण वर्षाच्या कराराची सवय तशीच राहिली. आपल्याकडे पाडवा, तिकडे जानेवारी.

पुढे तिकडे बटई, म्हणजे पिकाच्या हिश्शावर वावर कसणं, रुळली आणि इथे जरा जवळून पाहण्यासारखी गोष्ट आहे. अमेरिकेत बटईच्या पायऱ्या ठरल्या त्या खेचरावरून. खेचर, अवजारं, बी-बियाणं सगळं मालकाचं असेल तर कसणाऱ्याला निम्मं पीक. खेचर स्वतःचं असेल तर तो मालकाला साधारण चौथा हिस्सा कापूस द्यायचा आणि तिसरा हिस्सा मका. खेचर असलेला माणूस मालकाशी वाद घालू शके. नसलेला माणूस मान खाली घाले.

वऱ्हाडात हीच शिडी बैलजोडीवर उभी होती. ज्याच्या गोठ्यात जोडी होती, तो बटईने वावर करायचा: बैल, बियाणं, मेहनत त्याची, सारा मालकाने भरायचा, पीक अर्धं-अर्धं. हातात थोडा पैसा असेल तर तो मक्त्याने घ्यायचा, म्हणजे वर्षाची रक्कम आधी ठरवून पीक सगळं आपलं. आणि ज्याच्याकडे बैल नाहीत, पैसा नाही, फक्त दोन हात आहेत, तो सालदार. एखाद्या दुष्काळात वैरण संपून बैल मेले की बटईदार एका उन्हाळ्यात सालदाराच्या पायरीवर घसरायचा. 1896-97 आणि पाठोपाठ 1899-1900 च्या दुष्काळांनी वऱ्हाडात माणसं तर मारलीच, शिवाय ही शिडीही मोडली.

म्हणून पोळ्याकडे नुसता बैलांचा सण म्हणून पाहता येत नाही. आदल्या संध्याकाळी बैलांचे खांदे शेकायचे, त्यांना जेवणाचं आवतण द्यायचं, दुसऱ्या दिवशी शिंगं रंगवून, झुली घालून तोरणाखाली न्यायचे. बैल मालकाचे, वर्षभर त्यांच्याबरोबर राबलेला हात सालदाराचा. त्या दिवशी तो बैलांच्या पुढे चालतो, घरोघर बैल ओवाळले जातात, त्याला बोजारा म्हणजे ओवाळणी मिळते, धोतर-पटका मिळतो, पुरणपोळीचं ताट मिळतं. तो एक दिवस मानाचा, आणि त्या मानात खोटं काही नसायचं. पण पूर्वी पुष्कळ घरांत ते ताट ओसरीच्या कोणत्या टोकाला मांडायचं, हे सालदाराच्या जातीवर ठरायचं. सालदारांत भूमिहीन कुणबी असत, महार-मांग असत, कोळी असत, सातपुड्यातून उतरलेले कोरकूही असत. काम एकच असलं तरी पाण्याचा लोटा वेगळा असायचा. अमेरिकेत रंगाने जे केलं, ते इथे जातीने केलं.

हे साम्य मराठीत फार लवकर ओळखणारा माणूस पुण्यात बसला होता. जोतीराव फुल्यांनी 1873 मध्ये ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध केली आणि ती अर्पण केली अमेरिकेतल्या त्या सज्जनांना, ज्यांनी तिथल्या काळ्या लोकांना दास्यातून सोडवलं. अमेरिकेतल्या युद्धाचा अर्थ मुंबईच्या व्यापाऱ्यांनी कापसाच्या भावात वाचला. फुल्यांनी तो माणसाच्या मोकळेपणात वाचला.

वहीतलं वर्ष

गुलाम आणि सालदार एक नव्हेत, हे आधी स्पष्ट करायला हवं. गुलाम विकता येतो, त्याची मुलं मालकाची होतात. ब्रिटिश हिंदुस्थानात 1843 च्या कायद्याने गुलामगिरीची कायदेशीर मान्यता काढून घेतली. सालदार मोकळा होता. साल संपलं की तो मालक बदलू शकत होता. अडचण ‘साल संपलं की’ या तीन शब्दांत होती. साल संपायचं, हिशेब संपायचा नाही.

एक वर्ष वहीत बसवून पाहू. सोय म्हणून आकडे साधे घेऊ. समजा, साल ठरलं 1200 रुपये. मागच्या वर्षाची बाकी 150. पाडव्याला उचल 400. मिरगाआधी घर शाकारायला 100. पोळ्याला 50. पावसाळ्यात पोर तापाने फणफणली, 200. दिवाळीला 150. माघात बहिणीचं लग्न, 350. बेरीज 1400. शिवाय खाडे, म्हणजे गैरहजेरीचे दिवस: पंधरा खाडे, त्यांचे 50 कापले. एकूण 1450. पाडव्याला मालक वही मिटतो आणि म्हणतो, “तुयाकडंच अडीचशे निंगतात बॉ.” वर्षभर राबून बाकी दीडशेची अडीचशे झाली. या हिशेबात लबाडीचा एकही आकडा नाही, व्याजही धरलेलं नाही. मालक भला आहे, आजारपणात त्याने हात आखडता घेतला नाही. तरीही पुढचं साल त्याच्याच गोठ्यात लागणार. मालक लबाड असता तर काय झालं असतं, ते वेगळं सांगायला नको. कारण वही लिहिणारा हात एकाचा आणि अंगठा उठवणारा दुसऱ्याचा.

या वहीत आणखी एक नाव कधीच नसे. सालदार एकटा ठरायचा, राबायचे दोघं. वाड्यावरची झाडझूड, शेणगोठा, दळणकांडण हे त्याच्या बायकोकडे आपोआप यायचं. त्या बदल्यात कधी भाकरी, कधी ताक, कधी जुनं लुगडं. निंदणाला आणि वेचणीला तिला रोज मिळे, पण त्या हंगामात दुसऱ्याच्या वावरात जायची मोकळीक नसे. वेचणीचा हिशेब संध्याकाळी धुऱ्यावर व्हायचा. दिवसभर ओटीत वेचलेला कापूस गाठोड्यात बांधून बाया काट्याभोवती उभ्या राहायच्या. सकाळी दवाने ओला असलेला कापूस वजनाला भरतो, म्हणून मालक लवकर वेचू देत नसे. उन्हाने सुकलेला कापूस दिवसभर वेचून हलकाच भरायचा. काट्याची दांडी कोणाच्या हातात आहे, तिकडे सगळ्यांचे डोळे.

अमेरिकेतही असा हिशेबाचा दिवस असे, तो डिसेंबरात यायचा. वर्षभर मालकाच्या किंवा गावातल्या व्यापाऱ्याच्या दुकानातून पीठ, डुकराचं मांस, कापड उधार आणलेलं; त्याबदल्यात उभं पीक तारण. कापूस विकला की व्यापारी आपली वही काढायचा आणि बटईदाराच्या पदरात बहुधा पुढच्या वर्षाची उधारी पडायची. तारण म्हणून पीक म्हटलं की पेरायचा कापूसच, कारण व्यापाऱ्याला मका नको होता. आपल्याकडे ज्वारीच्या जागी कापूस का वाढला, याच्या अनेक कारणांत हेही एक कारण बसतं.

उचल घेऊन काम सोडणं ही खासगी भानगड न मानता गुन्हा ठरवणारा कायदाही ब्रिटिश हिंदुस्थानात होता, 1859 चा. आगाऊ रक्कम घेऊन कामावर न येणाऱ्या मजुराला तुरुंगात टाकता येत असे. हा कायदा थेट 1920 च्या दशकात रद्द झाला. समुद्रापलीकडे हीच कल्पना आणखी आवळून वापरली गेली. मॉरिशसमध्ये 1835 मध्ये गुलामगिरी संपली, मोकळे झालेले लोक उसाचे मळे सोडून निघून गेले आणि मळेवाल्यांनी हिंदुस्थानातून करारबद्ध मजूर आणले. मुंबई बंदरातून कोकण-देशावरची मराठी माणसंही गेली. त्यांच्या वंशजांमुळे आज तिथे गणेश चतुर्थीची सरकारी सुट्टी असते. करार संपलेल्या जुन्या मजुराला बेटावर मोकळं फिरता येऊ नये म्हणून 1867 मध्ये फोटो लावलेला पास सक्तीचा झाला. मालकाला मजुराच्या श्रमाची जितकी गरज होती, तितकीच भीती त्याच्या पायांची होती.

दुसरी वाट

स्वातंत्र्यानंतर कायदे आले. विदर्भासाठी 1958 चा कूळ कायदा झाला आणि 1 एप्रिल 1961 पासून कसणारी कुळं मालक व्हायची तरतूद आली. काही जणांचं नाव सातबाऱ्यावर चढलं. पुष्कळ ठिकाणी मात्र मालकांनी आधीच कुळं उठवली, आणि त्यानंतर बटई-मक्ता कागदावरून नाहीसा झाला. वावरात तो आजही आहे, फक्त तोंडी. एकाच माणसाला लागोपाठ वावर द्यायला मालक कचरतो, कारण उद्या त्याने कूळ म्हणून हक्क सांगितला तर? त्यामुळे मक्त्याने करणाऱ्याला पीककर्ज मिळत नाही, गारपिटीची मदत येते ती सातबाऱ्यावरच्या नावाला. कमाल जमीनधारणा कायदा 1961 चा. नंतरच्या दुरुस्तीने कोरडवाहूची मर्यादा 54 एकरांवर आली, आणि घराघरात वाटण्या होऊन वावरं त्या मर्यादेखाली बसली.

1976 मध्ये वेठबिगारीविरुद्धचा कायदा संसदेने केला. त्यात देशभरातल्या बांधलेल्या मजुरीच्या पद्धतींची नावं दिली आहेत: कमिया, जीता, बारमासिया, सागडी, पालेरू, वेठी. या लांबलचक यादीत सालदार नाही. ते एका अर्थी बरोबरही आहे, कारण प्रत्येक सालदार वेठबिगार नव्हता. पण ज्याची बाकी कधी फिटलीच नाही, तो यादीत नसल्यामुळे नजरेतही आला नाही. 1982 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने किमान वेतनाहून कमी मोबदल्यात काम करायला लागणं म्हणजेच घटनेने मना केलेली सक्तीची मजुरी, असा अर्थ लावला. त्या मोजपट्टीने जुन्या वह्या तपासल्या असत्या, तर किती मालक पास झाले असते?

एवढे कायदे होऊनही ओसरीवरचं संभाषण बदललं ते वेगळ्याच कारणाने. 1972 च्या दुष्काळात सरकारने कामं काढली, त्यातून रोजगार हमीचा कायदा झाला आणि तो 26 जानेवारी 1979 पासून अमलात आला. खडी फोडायचं काम काही सुखाचं नव्हतं. पण गावात पहिल्यांदाच असा एक मालक आला, जो जात विचारत नव्हता आणि मागची बाकी काढत नव्हता. पुढे पुण्या-सुरतेच्या गाड्या भरू लागल्या, एमआयडीसी आल्या, ऑटो आले, बांधकामं आली. सालदाराचा मुलगा सालदार होईनासा झाला.

अमेरिकेतही बटईदार सुटला तो पायांनीच. 1910 ते 1970 या काळात सुमारे साठ लाख काळी माणसं दक्षिण सोडून उत्तरेच्या शहरांत गेली. मजूर न्यायला आलेल्या दलालांना दक्षिणेतल्या राज्यांनी दंड लावले, तरी गाड्या भरूनच गेल्या. यंत्र मागाहून आलं: 1944 मध्ये मिसिसिपीतल्या क्लार्क्सडेलजवळच्या एका मळ्यावर पेरणीपासून गाठी बांधण्यापर्यंत सगळा कापूस यंत्रांनी काढला आणि मग मालकालाच बटईदार नकोसा झाला.

आपल्याकडे वेचणी अजून हातानेच होते. गेला तो बैल. ट्रॅक्टर आला तसा गोठा रिकामा झाला आणि गोठ्याबरोबर सालदाराचं निम्मं काम संपलं. तेल्हारा तालुक्यात हा फरक भूगोलानेही दिसतो. उत्तरेला सातपुड्याच्या कुशीत वान नदीवर वारी भैरवगडचं धरण आहे. जिथे गोडं पाणी आणि ओलीत आहे, केळी-संत्रा आहे, तिथे बारा महिने हात लागतो आणि सालदार अजून टिकून आहे. दक्षिणेला पूर्णेकडे खारपाणपट्टा लागतो. विहिरीचं पाणी पिकाला चालत नाही, सगळं पावसावर. तिथे वर्षभराचा गडी परवडायचा कोणाला?

आज चांगला सालदार वर्षाला लाखाच्या पुढे घेतो. पाडव्याच्या आधीच मालक त्याच्या दारी जातो, ‘भाऊ’ म्हणतो, उचल स्वतःहून पुढे करतो. मालकही आता पाटील राहिलेला नाही; पाच-सात एकरांचा धनी, स्वतःची वही बँकेत आणि कृषी केंद्राच्या दुकानात अडकलेली. सालदाराला द्यायचे पैसे तो सरकी पेरायच्या आधी उसने काढतो. शिडी उलटी झाली, असं म्हणायचा मोह होतो. पण शिडीचा तळ रिकामा नाही. वेचणीच्या हंगामात मेळघाटातून उतरणारी कुटुंबं आहेत, आणि राज्यात ऊसतोडीच्या टोळ्या आहेत. मुकादमाची उचल आणि पट्टा पडल्यावरचा, म्हणजे हंगाम संपल्यावरचा, हिशेब हे शब्द त्यांच्या तोंडी आजही जुन्याच अर्थाने येतात. ज्याच्यापुढे दुसरी वाट नाही, तो अजून पायरीशीच आहे. फक्त पायरी दुसऱ्या गावात सरकली.

2026 चा पाडवा 19 मार्चचा आणि 2027 चा 7 एप्रिलचा. मधे ज्येष्ठ दोनदा. मोजले तर बरोबर 384 दिवस. एखाद्या सालदाराने साल ठरवताना मोबाइलवर कॅलेंडर उघडून “धोंड्याच्या महिन्याचं काय, भाऊ?” असं विचारलं, तर मालकाला राग येईल कदाचित. पण हा प्रश्न विचारायची सोय या मातीत यायला, 1865 पासून धरलं, तर दीडशेहून जास्त पाडवे जावे लागले.